केसांच्या मुळांचे दुखणे

डोके दुखते अशी तक्रार करणारी माणसे घरोघरी आढळतात. आमच्या कचेरीत तर महिन्याची वीस तारीख उलटली आणि अंक छापखान्याकडे जाण्याची वेळ जवळ आली, की ही तक्रार साथीसारखी पसरते. परंतु डोक्याची कातडी दुखते, केसांना हात लावू नका, असे सांगणारा मनुष्य विरळा. त्याला स्वतःलाच ती तक्रार थोडी हास्यास्पद वाटत असावी. केस कधी दुखतात का? न्हाव्याच्या खुर्चीत रडणाऱ्या मुलाला आपण हेच तर समजावून सांगत असतो.

२०२३ च्या नोव्हेंबरात या विरळ तक्रारीवरचा एक आरोग्यविषयक लेख मराठीत उतरविण्याचे काम माझ्याकडे आले. आमचे मासिक अनेक भाषांतून निघते. मूळ मजकूर बहुधा इंग्रजीत अगर हिंदीत असतो, आणि दिल्लीतल्या एका लांबट खोलीत बसून आम्ही निरनिराळ्या प्रांतांची माणसे त्याला आपापल्या घरचा पेहराव चढवीत असतो. या लेखाच्या पहिल्याच वाक्याला मी अडखळले. डोक्याच्या कातडीला शब्द कोणता वापरावा? टाळू म्हणावे, तर टाळू तोंडातही असते. कवटी म्हणावे, तर ते हाड झाले. शेजारच्या मेजावरचे हिंदीचे सहकारी ‘सिर की त्वचा’ लिहून केव्हाच पुढच्या पानावर गेले होते. दुखण्याचा प्रकार सांगणारा शब्द तर त्याहून अवघड. एरवी दुखत नाही, स्पर्श झाला की दुखते, ही अवस्था एका शब्दात बसवावयाची होती. ‘हळवेपणा’ हा शब्द सुचला. पण तो मनाने केव्हाच आपल्याकडे ओढून घेतलेला आहे. अखेर कोश चाळून चाळून मी ‘शिरस्त्वचेची स्पर्शासहता’ असा एक प्रयोग सिद्ध केला. खोटे कशाला सांगू, त्या संध्याकाळी बसच्या रांगेत उभी असताना मला त्याचा चांगलाच अभिमान वाटत होता.

लेख मात्र खरोखरीच चांगला होता. केसाला स्वतःला वेदना नसते; पण तो ज्या मुळातून उगवतो त्याच्या भोवती मज्जातंतूंच्या टोकांचे बारीक जाळे असते आणि केस जरासा लवला तरी त्याची वार्ता पुढे जाते. कपाळापासून माथ्यापर्यंतची वार्ता चेहऱ्याच्या संवेदना वाहणाऱ्या मज्जातंतूमार्फत जाते, तर मागच्या बाजूची मानेतून वर चढणाऱ्या तंतूंमार्फत. म्हणून दिवसभर मान वाकवून काम करणाऱ्यांची मानगूट अवघडली, की डोक्याचा मागचा भाग दुखरा होतो. तेथे तेलापेक्षा मानेला दिलेली विश्रांती आणि शेक अधिक उपयोगी पडतात.

घट्ट बांधलेल्या केसांविषयीचा भाग वाचून मला माझ्या शाळेतल्या वेण्यांची आठवण झाली. आई त्या अशा आवळीत असे, की भुवया वर चढून माझा चेहरा दिवसभर आश्चर्यचकित दिसावा. जे. एन. ब्लाउ या मेंदूविकारतज्ज्ञांनी २००४ साली ९३ स्त्रियांना या बाबतीत विचारले, तेव्हा त्यांतल्या ५० जणींना केस मागे आवळून बांधल्याने डोके दुखल्याचा अनुभव होता. उपाय विचारण्यासाठी वैद्याकडे जावे लागत नाही. केस मोकळे सोडावेत. पण वर्षानुवर्षे तसाच ताण राहिला, तर कपाळावरची केसांची रेघ मागे हटते आणि मग ती सहसा पुढे येत नाही.

अर्धशिशीचा भाग मला नवा होता. बॉस्टनचे रामी बर्स्टीन आणि त्यांचे सहकारी यांनी २००० साली अर्धशिशीच्या ४२ रुग्णांची झटका चालू असताना तपासणी केली. त्यांतल्या ३३ जणांची कातडी साध्या स्पर्शानेही दुखत होती. अशा वेळी केस विंचरणे, चष्मा लावणे, उशीवर डोके टेकणे, सारेच नकोसे होते. दुखण्याची वार्ता घेणारे मज्जासंस्थेतले खोलवरचे केंद्रच त्या वेळी प्रक्षुब्ध झालेले असते. पुढे असेही दिसून आले, की अर्धशिशीवर दिली जाणारी ट्रिप्टान वर्गातील औषधे कातडी अशी दुखरी होण्यापूर्वी घेतली, तर ती अधिक गुणकारी ठरतात. केस दुखू लागेपर्यंत ‘बघू थोडा वेळ’ म्हणत बसणाऱ्यांनी हे ध्यानात घ्यावयास हवे, आणि अशा मंडळींत मी स्वतः येते.

नागिणीविषयीही त्यात मजकूर होता. नागिणीचे तोंड आणि शेपूट एकमेकांना मिळाली की माणूस दगावतो, ही समजूत आपल्याकडे अजून टिकून आहे. वास्तविक लहानपणीच्या कांजिण्यांचा विषाणू मज्जातंतूंच्या मुळाशी दडून राहतो आणि उतारवयात एखाद्या तंतूच्या वाटेने वर येतो, त्याचे हे दुखणे. डोक्याच्या एकाच बाजूची कातडी जळते, टोचते, आणि फोड मात्र दोनचार दिवसांनी उठतात. फोड दिसल्यापासून ७२ तासांच्या आत औषध सुरू झाले तर उत्तम. नाकाच्या शेंड्यावर फोड दिसला, तर डोळ्यालाही धोका संभवतो. ही खूण इंग्लंडच्या जोनाथन हचिन्सन या वैद्याच्या नावाने ओळखली जाते. हे नाव पुढे पुन्हा येणार आहे. उवा, कोंडा, केसतूड आणि कलपाने उठणारी आग या गोष्टी घरोघरच्या परिचयाच्या असल्याने त्यांविषयी लिहीत नाही. एवढेच सांगते, की काळी मेंदी म्हणून विकल्या जाणाऱ्या पुड्यांत पुष्कळदा कलपाचेच रसायन असते. तेव्हा ती डोक्याला लावण्यापूर्वी कानामागे थोडी लावून दोन दिवस वाट पाहावी.

मजकूर पानात बसेना. अकरा ओळी जास्त होत होत्या. चित्र लहान करावे, तर वेणी घालणारी मुलगी कापली जात होती. लेखाचा शेवटचा परिच्छेद म्हाताऱ्या माणसांच्या एका आजाराविषयी होता. पन्नाशीनंतर कानशिलाच्या धमनीला सूज येते, डोक्याला स्पर्श सोसवत नाही, आणि वेळीच उपचार झाला नाही तर दृष्टी जाते, असे त्यात सांगितले होते. त्यातच ‘चर्वणसमयी हनुवेदना’ असे माझे एक सुंदर भाषांतर होते. हा आजार उत्तर युरोपीय वंशाच्या लोकांत अधिक आढळतो आणि आपल्याकडे कमी, हे मी वाचले होते. आपल्या वाचकांना याचा उपयोग तो काय, असा विचार करून मी तो परिच्छेद काढून टाकला. इतर भाषांत तो छापला गेला.

२०२४ च्या जानेवारीत मावशी ग्वाल्हेरहून माझ्याकडे राहावयास आली. तिचा सारा संसार लष्करात झाला. लष्कर म्हणजे तेथली जुनी वस्ती, सैन्य नव्हे. तथापि तिची शिस्त पाहून कोणाचाही गैरसमज व्हावा. बहात्तराव्या वर्षीही सकाळी सहाला तिचा अंबाडा घालून झालेला असे. या खेपेस मात्र तिने कंगवा माझ्या हाती दिला. ‘सकाळी खांदे जखडून जातात गं, हात वर नेववत नाही,’ ती म्हणाली. दिल्लीची थंडी तिला बाधली असावी, असे आम्ही दोघींनी ठरवून टाकले.

रविवारी गच्चीवर उन्हात मी तिचे केस विंचरावयास बसले. कंगवा उजव्या कानशिलावर गेला तशी ती दचकून म्हणाली, ‘हळू, बाई. केसांच्या मुळांना नुसतं हुळहुळतंय. रात्री उशीवर त्या कुशीला होता येत नाही.’

हुळहुळतंय. दोन महिन्यांपूर्वी मी कोशांतून जो शब्द शोधत होते, तो माझ्या पुढ्यात पाटावर बसून मावशी किती सहज बोलून गेली! आणि मी काय केले? खोबरेल कोमट करून आणले आणि त्याच जागी चांगले चोळले. पुढच्या रविवारीही चोळले. माझी हौस मोडू नये म्हणून तिने ते दात आवळून सोसले, हे तिने मला फार उशिरा सांगितले. त्याच दिवसांत तिच्या ताटात अर्धी भाकरी उरू लागली. ‘चार घास चावले की जबडा भरून येतो. थांबलं की बरं वाटतं,’ असे ती म्हणे. मी म्हटले, कवळी सैल झाली असेल; थंडी कमी झाली की दातांच्या डॉक्टरांना दाखवू. जवळच्या एका डॉक्टरांनी मान तपासून दुखणे थांबविण्याच्या गोळ्या दिल्या. त्यांना तरी दोष कसा द्यावा? भाकरीची गोष्ट आम्ही त्यांच्यापाशी काढलीच नव्हती.

एका गुरुवारी सकाळी वर्तमानपत्र वाचताना तिच्या उजव्या डोळ्यापुढे पडदा ओढल्यासारखे झाले आणि पाच मिनिटांत तो दूर झाला. मी कचेरीतून परतल्यावर तिने ते सांगितले, तेही पोळ्या लाटता लाटता. शुक्रवारी सकाळी चष्मा पुसून तिने एकेक डोळा मिटून पाहिला आणि शांतपणे म्हणाली, ‘उजव्यानं कपाचा काठ दिसतोय, बशी दिसत नाही.’

रिक्षात बसल्यावर मला त्या अकरा ओळी आठवल्या. चर्वणसमयी हनुवेदना म्हणजे घास चावताना जबडा भरून येणे. स्पर्शासहता म्हणजे हुळहुळणे. हे दोन्ही मीच लिहिले होते.

सरकारी इस्पितळाच्या नेत्रविभागातला तरुण डॉक्टर माझ्यापेक्षा बरा भाषांतरकार निघाला. त्याने विचारले, ‘माताजी, कंघी करने में दुखता है? रोटी चबाने में जबड़ा थकता है?’ मावशीने दोन्ही वेळा मान हलविली, तसा तो उठलाच. रक्ताचा ईएसआर ९६ निघाला. त्याच दुपारी शिरेतून स्टेरॉइड सुरू झाले आणि तीन दिवस चालले. कानशिलाच्या धमनीचा बारीक तुकडा काढून तपासावयाचा होता, परंतु त्या तपासणीसाठी औषध थांबवून ठेवावयाचे नसते, हे त्याने मला नीट समजावून सांगितले. धमनीतली सूज काही दिवस तरी दिसत राहते, डोळा मात्र थांबत नाही. एक डोळा गेल्यावर उपचार झाला नाही, तर दुसराही थोड्याच दिवसांत जाऊ शकतो. त्या धमनीच्या शाखांतून कातडीला आणि जबड्याच्या स्नायूंना रक्त मिळते. सुजेने वाट अरुंद झाली की कातडी हुळहुळते आणि चावताना जबडा थकतो. डोळ्याकडे जाणाऱ्या बारीक वाहिन्यांतही तसेच झाले, म्हणजे दृष्टी जाते. खांदे जखडणेही याच आजाराच्या सोबतीने येते. तिचा अंबाडा सुटला, तेव्हाच खरे म्हणजे आजाराने वर्दी दिली होती.

पुढे रात्री इस्पितळात बसल्या बसल्या मी या आजाराविषयी मिळेल ते वाचले. दहाव्या शतकाच्या सुमारास बगदादचा नेत्रवैद्य अली इब्न ईसा याने कानशिलाच्या धमन्या आणि दृष्टी जाणे यांचा संबंध नोंदून ठेवला होता. १८९० मध्ये हचिन्सनने, त्याच नाकाच्या शेंड्यावरच्या खुणेच्या हचिन्सनने, एका वृद्धाची हकीकत लिहिली. त्याच्या डोक्यावर लाल दुखऱ्या रेषा उमटल्या होत्या आणि त्यांमुळे त्याला हॅट घालता येत नव्हती. १९३२ साली अमेरिकेत मेयो क्लिनिकच्या बेयार्ड हॉर्टन यांनी या आजाराचे स्वतंत्र वर्णन केले, आणि १९५० च्या सुमारास कॉर्टिसोनच्या जातीची औषधे आल्यावर डोळे वाचू लागले. एकाला हॅट सोसवेना, एकीला कंगवा सोसवेना. तक्रार सव्वाशे वर्षांत बदललेली नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी मावशीने स्वतःच उजव्या कानशिलाला बोट लावून पाहिले आणि हुळहुळणे गेल्याचे सांगितले. डावा डोळा शाबूत राहिला. उजव्याचा खालचा भाग परत आला नाही, येणारही नाही, असे डॉक्टरांनी न लपविता सांगितले. गोळ्या वर्षभराहून अधिक काळ, हळूहळू कमी करीत घ्याव्या लागल्या. मनाने एकदम बंद करावयाच्या नाहीत, अशी ताकीद होती. त्यांनी साखर वाढली आणि गोड बंद झाले. हाडांसाठी आणखी गोळ्या आल्या. मावशीने या सगळ्यांचे वेळापत्रक करून स्वयंपाकघराच्या भिंतीला चिकटविले.

मी संपादकांकडे गेले आणि त्या अकरा ओळींसाठी एप्रिलच्या अंकात जागा मागितली. का, असे त्यांनी विचारले नाही. माझी रजा त्यांना ठाऊक होती. परिच्छेद छापला गेला. या वेळी मी तो असा लिहिला होता: पन्नाशीनंतर पहिल्यांदाच डोके दुखू लागून केस विंचरताना हुळहुळले, घास चावताना जबडा भरून आला, डोळ्यापुढे क्षणभर जरी अंधारले, तर त्याच दिवशी इस्पितळात जावे आणि तेथे या तिन्ही गोष्टी सांगाव्यात. हिंदीच्या सहकाऱ्यांनी ‘हुळहुळणे’ म्हणजे काय, असे विचारले. मला सांगता आले नाही, तेव्हा मी त्यांना कंगव्याचा अभिनय करून दाखविला.

गेल्या दिवाळीत मावशी आली होती. आता तिचे हात वर जातात, परंतु कंगवा मात्र ती माझ्याकडेच देते. मी उजव्या कानशिलाशी आले की माझा हात आपोआप थांबतो. तिला ते कळते.

‘ओढ गं, दुखत नाही,’ ती म्हणाली. ‘आणि अंबाडा जरा घट्ट घाल. तुझा नेहमी सुटतो.’

मी तो सैलच घातला.