वाक्य दुसऱ्याच फाइलीत

विंडोजचे सर्व्हर सांभाळणाऱ्या माणसाला सर्वांत जास्त चीड येते ती इव्हेंट व्ह्यूअरमधल्या एका मजकुराची. अमुक क्रमांकाच्या इव्हेंटचं वर्णन सापडत नाही. नोंद करणारा घटक या मशीनवर नसावा किंवा त्याचं इन्स्टॉलेशन बिघडलं असावं. वेळ आहे, क्रमांक आहे. काय झालं, तेवढंच नाही.

नवखा म्हणतो, लॉग करप्ट झाला. जुना अ‍ॅडमिन डीएलएल शोधायला लागतो.

कारण १९९३ साली विंडोज एनटी आलं तेव्हापासून हा लॉग सहसा पूर्ण वाक्य साठवतच नाही. त्यात असतं प्रोग्रॅमचं नाव, इव्हेंटचा क्रमांक आणि गाळलेल्या जागा भरायचे शब्द : फाइलचं नाव, युजर, पोर्ट. वाक्य असतं वेगळ्याच डीएलएलमध्ये, आणि तिचा पत्ता रजिस्ट्रीत, ‘इव्हेंटमेसेजफाइल’ या नावाखाली. नोंद उघडली की ती डीएलएल लोड होते, क्रमांकावरून वाक्य काढलं जातं, ‘%१’, ‘%२’ च्या जागी शब्द बसतात. पूर्वी शुभेच्छांच्या तारेत ठरावीक मजकुराचा नुसता क्रमांक जायचा आणि वाक्य पोचत्या गावच्या तारघरात उमटायचं, तसाच हा कारभार. डिस्कवर जागा कमी लागते, आणि तीच नोंद जर्मन माणसाला जर्मनमध्ये, जपान्याला जपानीत वाचता येते.

युक्ती झकासच. फक्त प्रोग्रॅम अनइन्स्टॉल केला की त्याची डीएलएल जाते आणि मागच्या सगळ्या नोंदी मुक्या होतात. लॉगला कोणी हातही लावलेला नसतो.

सिक्युरिटी लॉगमधली ४६२५ क्रमांकाची नोंद पाहा. लॉगिन फसलं की ती पडते. कारणाच्या रकान्यात कच्च्या एक्सएमएलमध्ये दिसतं ‘%%२३१३’. युजरचं नाव किंवा पासवर्ड चुकीचा, हा त्याचा अर्थ. पण तो राहतो ‘एमएसओबीजेएस’ नावाच्या डीएलएलमध्ये. लॉग गोळा करून लिनक्सच्या मशीनवर नेले, की तिथे ही डीएलएल कुठली? मग कोणीतरी या आकड्यांचा तक्ता हाताने बनवतो आणि तो एका टीमकडून दुसऱ्या टीमकडे फिरत राहतो.

प्रोग्रॅमरांनाही या डीएलएलचा जाच असतोच. अपग्रेडच्या वेळी इव्हेंट व्ह्यूअर ती फाइल उघडून बसलेला असतो आणि इन्स्टॉलर म्हणतो, फाइल वापरात आहे. म्हणून शहाणे लोक मेसेजेसची डीएलएल मूळ प्रोग्रॅमपासून वेगळी ठेवतात. तिच्यात कोडची एक ओळही नसते. डॉट नेटने तर पळवाटच काढली. त्याच्या ‘इव्हेंटलॉगमेसेजेस’ डीएलएलमध्ये प्रत्येक क्रमांकापुढे एकच मजकूर : ‘%१’. म्हणजे काय लिहायचं ते अख्खं प्रोग्रॅमनेच द्यायचं. मूळ कल्पनेची यापेक्षा सभ्य थट्टा सापडणं कठीण.

युनिक्सच्या गोटात ही भानगडच नव्हती. एरिक ऑलमन यांनी १९८० च्या दशकात सेंडमेलसोबत लिहिलेला सिसलॉग सरळ वाक्य लिहून मोकळा होतो. मागाहून ते मशीनकडून उलगडून घेताना मात्र दमछाक होते. लिनक्सवरच्या सिस्टिमडीच्या जर्नलने मधला मार्ग धरला. वाक्य नोंदीतच, हवा तर सोबत १२८ बिटांचा ओळख क्रमांक, आणि सविस्तर खुलासा वेगळ्या कॅटलॉगमध्ये. कॅटलॉग हरवला तरी वाक्य शाबूत. तिघांत हीच मांडणी जास्त व्यवहारी वाटते.

विंडोजवाल्यांनाही सोय आहे, पण तिकडे लक्ष जात नाही. लॉग सेव्ह करताना वाचनासाठीची माहितीही सोबत घ्यायची का, असं इव्हेंट व्ह्यूअर विचारतो. हो म्हटलं की ‘लोकेलमेटाडेटा’ नावाचं फोल्डर शेजारी तयार होतं. वाक्यं त्यात येतात. लोक मात्र घाईत फोल्डर तिथेच सोडतात आणि नुसती ‘ईव्हीटीएक्स’ फाइल झिप करून सपोर्टला मेल करतात. दुसऱ्या दिवशी सपोर्टकडून उत्तर येतं : वर्णन दिसत नाही, स्क्रीनशॉट पाठवा.