अध्यक्षांची वही

देवनारच्या आमच्या घरातून निघून मुख्य रस्त्याला लागले की टाटा सामाजिक विज्ञान संस्थेचे फाटक दिसते. लहानपणापासून माझी या फाटकावरून ये-जा आहे. १९३६ मध्ये नागपाड्यात ही संस्था सुरू झाली तेव्हा ती सर दोराबजी टाटांच्या नावाने ओळखली जाई. १९४४ मध्ये नाव बदलले आणि १९५४ मध्ये संस्था देवनारला आली. म्हणजे दोराबजी आमच्या वस्तीत पोहोचले ते केवळ आडनावाने. पहिले नाव वाटेतच गळून पडले होते.

पुढे मला दोराबजी भेटले ते पोलाद कारखान्याचे धनी म्हणून नव्हे, तर पुण्याच्या डेक्कन जिमखान्याचे अध्यक्ष म्हणून. याला कारण माझे वडील. पेशाने कारकून असलेले वडील वस्तीतल्या एका लहानशा क्रीडा मंडळाचे वीसेक वर्षे अध्यक्ष होते. मंडळाजवळ मैदान नव्हते, कार्यालय नव्हते. एक लोखंडी पेटी होती आणि ती आमच्या पलंगाखाली असे. वडील गेल्यावर त्या पेटीत एक लांबट वही सापडली. मुलांची नावे आणि त्यांच्यापुढे बुटांचे नंबर, एवढाच तिचा मजकूर. माझे नाव तीत एकदाच आहे, आणि तेही वर्गणी थकलेल्यांच्या यादीत. शाळेच्या शर्यतीत मी फाटक्या कॅनव्हासच्या बुटांनी धावत असताना वडिलांनी इतरांच्या मुलांना खिळ्यांचे बूट घेऊन दिले, हा सल माझ्या मनात पुष्कळ वर्षे होता. तो आजही पुरता गेला आहे असे म्हणवत नाही. अध्यक्ष होणारी माणसे नेमके काय करीत असतात, हे शोधण्याची इच्छा त्या सलातूनच झाली असावी.

दोराबजींचा जन्म १८५९ चा. केंब्रिजला असताना ते क्रिकेट आणि फुटबॉल खेळले. मुंबईस परतल्यावर शाळाशाळांतून मैदानी खेळ रुजवण्याच्या उद्योगाला लागले. १९१९ च्या सुमारास जिमखान्याच्या अध्यक्षपदी असताना पुण्याच्या क्रीडास्पर्धांत त्यांनी जे पाहिले, ते त्यांनी १९२९ मध्ये आंतरराष्ट्रीय ऑलिंपिक समितीच्या अध्यक्षांना लिहिलेल्या पत्रात नोंदवले आहे. मैदान अपुरे, शंभर यार्डांची शर्यत वळणावरून घेतलेली, आखणी कच्ची. परंतु सुमारे पंचवीस मैलांच्या शर्यतीत अनवाणी धावणाऱ्या शेतकऱ्यांनी गाठलेली वेळ पाहून ते चकित झाले आणि त्यांतल्या काहींना स्वखर्चाने अँटवर्पला पाठवायचे त्यांनी ठरवले. गव्हर्नर लॉईड यांच्या मदतीने प्रवेशाचा मार्ग खुला झाला, आणि १९२० च्या ऑलिंपिकला हिंदुस्थानचा संघ गेला. बेळगावचे फडेप्पा दरेप्पा चौगुले तेथे मॅरेथॉन धावले आणि एकोणिसावे आले.

या पत्राचा जेवढा भाग मी वाचला आहे, त्यात धावणाऱ्यांची नावे नाहीत. ते 'शेतकरी' आहेत. पत्र लिहिणारा मात्र त्यात पुरता उभा राहतो: त्याचे आश्चर्य, त्याचा निर्णय, त्याची ऐपत. चरित्रवाङ्मय शिकवताना मी विद्यार्थ्यांना नेहमी विचारतो की लेखणी कोणाच्या हाती आहे. येथे त्या प्रश्नाचे उत्तर फार सोपे आहे, आणि म्हणूनच ते मला अस्वस्थ करते. कारण ते पत्र नसते, तो खर्च नसता, तर चौगुल्यांचा एकोणिसावा क्रमांकही कुठे नोंदला गेला नसता.

याच अँटवर्पला स्पेनचा राष्ट्रीय फुटबॉल संघ पहिल्यांदा उतरला आणि रौप्यपदक घेऊन गेला. स्पेनमधील आरंभीच्या क्लबाध्यक्षांत बार्सिलोनाच्या गॅम्परची कथा सर्वश्रुत आहे. हा मूळचा स्विस तरुण. १८९९ मध्ये वृत्तपत्रात निवेदन देऊन त्याने खेळाडू जमवले, स्वतः त्यांच्याबरोबर खेळला, आणि १९०८ मध्ये क्लब मोडकळीस आला तेव्हा अध्यक्ष होऊन तो सावरला. पुढे १९२५ मध्ये प्रेक्षकांनी स्पेनच्या राष्ट्रगीताला शिट्या वाजवल्या म्हणून मैदानाला टाळे लागले आणि त्याला देश सोडावा लागला. १९३० मध्ये, आर्थिक पडझडीनंतर, त्याने आत्महत्या केली. दोराबजींशी त्याची तुलना करण्याचा मोह होतो. दोघांनीही परक्या भूमीत शिकलेला खेळ खांद्यावरून दुसरीकडे नेला. पण गॅम्पर आपल्या माणसांबरोबर चिखलात उतरला होता. पुण्याच्या त्या दिवशी दोराबजी मैदानाच्या कडेला बसलेले होते. हे अंतर पैशाने मिटत नाही. आणि तरीही १९२४ मध्ये कारखाना बुडू लागला तेव्हा याच माणसाने स्वतःची मालमत्ता, पत्नी मेहेरबाईंच्या हिऱ्यासकट, तारण ठेवली. १९३२ मध्ये, मृत्यूपूर्वी काही महिने, उरले ते सारे विश्वस्त निधीला देऊन टाकले. अशा माणसाला 'दाता' म्हणून दूर बसवणे हेही सोयीचेच. असो.

वडील बहुधा या दोघांच्या मधले कुठेतरी होते. ते धावत नसत, पण पहाटे पाचला शिट्टी घेऊन उभे असत. त्यांच्याजवळ देण्यासारखे काही नव्हते. दिले ते घरखर्चातून, आईला न विचारता. आई त्याबद्दल शेवटपर्यंत बोलली नाही, हेही मी अलीकडेच त्यांच्या हिशेबात धरू लागलो आहे.

ती वही मी आता माझ्या टेबलावर ठेवली आहे. तिच्यात बेचाळीस नावे आहेत, आडनावांसकट, स्वच्छ बाळबोध अक्षरात. एका नावापुढे बुटाचा नंबर नाही. तेथे वडिलांनी लिहिले आहे: 'नको म्हणतो. अनवाणीच धावतो.' आणि खाली, वेगळ्या शाईत, त्याची वेळ.