मूळ फाइलला हात न लावता

'प्रो इव्होल्यूशन सॉकर ६' हा खेळ २००६ साली आला, तेव्हा त्यात चेल्सीचं नाव 'लंडन एफसी' होतं आणि लिव्हरपूलचं 'मर्सीसाइड रेड'. परवाने नव्हते, म्हणून कोनामीनं नावं बदलली, चिन्हं गाळली. चेंडू मात्र त्यात असा पळायचा, की त्या वर्षांत मला दुसरा कुठला फुटबॉलचा खेळ रुचला नाही. खेळातल्या जर्सी बनवायला मी त्याच्यापायी शिकलो आणि आजही बनवतो.

त्यातल्या एका जर्सीचं टेक्स्चर म्हणजे ५१२ बाय २५६ पिक्सेलचं एकच चित्र. छाती, पाठ, बाह्या, चड्डी, मोजे, सगळं त्यात सुटं पसरलेलं, शिंप्यानं बेतून ठेवलेल्या कापडासारखं. रंग जास्तीत जास्त २५६. ऐकायला पुष्कळ वाटतात; पण कापडाच्या चुण्या आणि काखेतली सावलीसुद्धा त्यांतूनच रंगवायची असते, आणि प्रायोजकाच्या अक्षरांच्या कडा गुळगुळीत करायला गेलं की रंग भराभर संपतात. उभे पट्टे तर परीक्षाच पाहतात. चित्रात सरळ दिसणारा पट्टा खेळाडूच्या अंगावर खांद्याच्या शिवणीपाशी तुटतो. मग तो जरासा सरकवायचा, खेळ चालू करायचा, रिप्लेमध्ये कॅमेरा खांद्यावर आणायचा, पुन्हा सरकवायचा. त्यात गेलेला वेळ मला कधीच वाया गेलासा वाटला नाही.

हे सगळं सोपं केलं 'किटसर्व्हर'नं. चाहत्यांनीच बनवून फुकट वाटलेलं साधन. एरवी खेळाच्या भल्यामोठ्या एएफएस फाइलमध्ये मूळ चित्राच्या जागी आपलं चित्र घुसवावं लागे, आणि त्यात चूक झाली की खेळच उघडेना. किटसर्व्हर त्या फाइलच्या वाटेलाच जात नाही. खेळ जर्सी मागतो, त्या क्षणी हा मध्ये उभा राहून 'जीडीबी' नावाच्या फोल्डरमधलं आपलं चित्र पुढे करतो. फोल्डर काढून टाका, खेळ जसाच्या तसा! मूळचं न मोडता त्यावर आपलं चढवता येणं, ही मला या साधनातली सर्वांत मोठी कारागिरी वाटते.

परवान्यांचं म्हणाल, तर २०२१ मध्ये 'फिफा २२' या खेळात इंडियन सुपर लीग अधिकृतपणे आली. मुंबई सिटी आली, एफसी गोवा आला. बालेवाडीत खेळणारा एफसी पुणे सिटी मात्र २०१९ मध्येच बंद पडला होता. बंद झालेल्या क्लबचा परवाना घ्यायला कोण जाणार? त्याची नारिंगी जर्सी ज्याला खेळात हवी, त्यानं ती स्वतःच रंगवायची. मी रंगवली. या कामाचं खरं मोल मला अशाच संघांपाशी कळतं.

माझ्या हार्ड डिस्कवर इतरांनी बनवलेल्या कितीतरी सुरेख जर्सी आहेत; त्यांतल्या अनेकांचे कर्ते कोण, हे आता सांगता येत नाही. म्हणून पॅच, म्हणजे खेळावर चढवायचे असे बदल, बनवणाऱ्या प्रत्येकाला माझी विनंती आहे: सोबत रीडमी फाइल जोडा, आणि चित्र कुणाचं, साधन कुणाचं, खेळाच्या कुठल्या आवृत्तीवर चालतं, एवढं तरी त्यात लिहा.