पत्ता विचारणारं मशीन

एक प्रश्न विचारू? पूर्ण पैसे मोजून घेतलेली, एकही ओरखडा नसलेली, शंभर टक्के ओरिजिनल वस्तू तुम्ही घरी आणलीय आणि ती फक्त 'तुम्ही चुकीच्या देशात राहता' म्हणून चालली नाही, असं तुमच्याबाबतीत कधी झालंय?

आमच्याकडे झालंय. आणि तेही कुठे, तर अंकुशनगरला.

आता हे अंकुशनगर कुठे आलं, असं पुण्यात मला हमखास विचारतात. जिल्हा जालना, तालुका अंबड. साखर कारखाना आणि कारखान्याच्या आधाराने वसलेली आमची कॉलनी. तिथून गोदावरी ओलांडली की बीड जिल्हा सुरू. पप्पा कारखान्याच्या लॅबमध्ये केमिस्ट. त्यामुळे 'आज रिकव्हरी किती लागली?' हा प्रश्न आमच्या घरात क्रिकेटच्या स्कोअरसारखा विचारला जायचा.

२००८ च्या दिवाळीत बोनस झाला आणि दादाने तीन वर्षं लावून धरलेला हट्ट पुरा झाला. प्लेस्टेशन टू! औरंगाबादच्या (आताच्या छत्रपती संभाजीनगरच्या) शोरूममधून, पक्कं बिल, शिक्का मारलेलं वॉरंटी कार्ड, सगळं कसं व्यवस्थित. दादा तेव्हा पंधराचा, मी अकराची. त्याच दिवाळीला न्यू जर्सीचा मामा आला आणि बॅगेतून त्याने एक गेम काढला: एमव्हीपी बेसबॉल २००५. कव्हरवर बोस्टन रेड सॉक्सचा मॅनी रामिरेझ.

बेसबॉल! जालना जिल्ह्यात! मामाचं लॉजिक सोपं होतं. बॅट आहे, बॉल आहे, भाच्यांना आवडेल.

दादाने देवापुढे ठेवून मग डिस्क आत सरकवली. स्क्रीन लालभडक. त्यावर इंग्रजीत एक सभ्य विनंती, की कृपया प्लेस्टेशन किंवा प्लेस्टेशन टू फॉरमॅटची डिस्क घाला.

'मग ही काय इडलीय का?' दादा म्हणाला.

गोची काय होती?

प्लेस्टेशन टूसाठी जगाचे तीन मोठे तुकडे पाडलेले होते. एक जपान आणि आसपासचा आशिया, दुसरा उत्तर अमेरिका, तिसरा युरोप-ऑस्ट्रेलिया. भारतात अधिकृतपणे विकलं जाणारं मशीन या तिसऱ्या, म्हणजे 'पाल' गटातलं. डिस्क आत गेली की मशीन आधी तिचा गट तपासणार. जुळला तर गेम, नाही तर लाल स्क्रीन. हा काही एकाच कंपनीचा हट्ट नव्हता. तेव्हा धंदाच तसा चालायचा. एकच गेम प्रत्येक प्रदेशात वेगळ्या तारखेला येणार, वेगळ्या किमतीला, वेगळ्या भाषेत, आणि विकायचे हक्कही वेगळ्याकडे. सिनेमाच्या डीव्हीडी आठवतात? त्यांचंही तेच. अमेरिका रीजन एक, भारत रीजन पाच.

गंमत म्हणजे आमच्या आधीची पिढी यातून सुटली होती. नव्वदच्या दशकात 'कॅसेट' घालून मारिओ आणि काँट्रा खेळायचे ते डबे आठवा. त्यातले बरेचसे जपानच्या १९८३ सालच्या फॅमिकॉमच्या नकला होते. फॅमिकॉममध्ये कुलपाची चिपच नव्हती. तेच मशीन १९८५ मध्ये एनईएस या नावाने अमेरिकेत गेलं, तेव्हा कॅसेटच्या साठ पिनांच्या बहात्तर झाल्या आणि आत तपासणी करणारी चिप बसली. आपल्याकडे जास्त पसरला तो बिनकुलपाचा भाऊ. कॅसेट चालली नाही तर जोरात फुंकर मारायची, की झालं काम!

आमच्या मशीनला फुंकर चालत नव्हती. दादाने औरंगाबादच्या एका रिपेअरवाल्याला गाठलं. तो हसायलाच लागला. 'चिप मारून घ्या की. सगळंच चालंल.' म्हणजे मशीन उघडायचं, आत बोर्डावर एक छोटी चिप सोल्डर करायची, की ते पत्ता विचारणं बंद करतं. गल्लोगल्ली लोक ही चिप बसवत होते ते अर्थात कॉपी केलेल्या स्वस्तातल्या डिस्क चालवायला. म्हणजे बघा हं, नकली डिस्कवाल्यांचं सगळं बिनबोभाट चालू होतं आणि ओरिजिनल डिस्क घेऊन आम्ही लाल स्क्रीनसमोर बसलो होतो.

पप्पा म्हणाले, 'वॉरंटी जाईल.' विषय संपला.

पिचर आली

नोव्हेंबरात गाळप सुरू झालं. हंगाम म्हणजे आमच्यासाठी दोन गोष्टी. एक, लाइट. मराठवाड्यातल्या गावांत तेव्हा तासन् तास भारनियमन असायचं, पण साखर कारखाना हंगामात उसाच्या चोयट्या, म्हणजे बगॅस, जाळून स्वतःची वीज स्वतःच करतो. तेवढे चार-पाच महिने कॉलनी उजेडात. आणि दुसरी गोष्ट, टोळ्या. बीड जिल्ह्यातून ऊसतोड कामगार यायचे, कॉलनीच्या भिंतीपलीकडे कोप्या उभ्या राहायच्या.

ती पाण्याला आली होती. माझ्याच वयाची. एका कडेवर भाऊ, एका हातात कळशी. गेटवरच्या वॉचमनकाकांनी अडवलं.

'कुठली गं तू?'

'टोळीतली.'

'मग हिकडं काय काम?'

'पाणी.'

आईने दारातूनच आवाज दिला, 'येऊ द्या हो, भरून घेऊ द्या.'

चारेक दिवसांत ती आमच्या उंबऱ्यावर बसायला लागली. भाऊ मांडीवर, डोळे टीव्हीवर. आम्ही तेव्हा मशीनसोबत मिळालेला कार रेसचा गेम खेळत होतो. आत ये म्हटलं तरी यायची नाही. भिंतीजवळच्या चिंचेवर दगड मात्र असा मारायची, की बरोबर तेवढीच चिंच खाली. दादाने तिचं नाव ठेवलं 'पिचर'. बेसबॉलमध्ये चेंडू टाकणारा तो पिचर, एवढं ज्ञान मामाने जाता जाता दिलं होतं. खरं नाव मी इथे लिहीत नाही.

तिचं नाव गावच्या शाळेच्या पटावर होतं आणि ती इथे भावाला सांभाळत होती. त्यांचं रेशनचं धान्य गावच्या दुकानात मिळणार होतं आणि खाणारी तोंडं इथे होती. म्हणून तिची आई कॉलनीतल्या किराणा दुकानातून विकतचं पीठ न्यायची. कार्ड खरं, माणसं खरी, फक्त पत्ता जुळत नव्हता. हे कुलूप निघायला पुढे बरीच वर्षं लागली. 'एक देश, एक रेशन कार्ड' ही सोय ऑगस्ट २०१९ मध्ये राज्यांच्या पहिल्या दोन जोड्यांत सुरू झाली, त्यातली एक जोडी महाराष्ट्र आणि गुजरात. सगळ्या राज्यांत ती पोचली जून २०२२ मध्ये.

काळ्यापांढऱ्यातलं बोस्टन

जानेवारीत पप्पा अचानक म्हणाले, 'वस्तू नुसती पडून राहण्यापेक्षा चाललेली बरी.' दादा दुसऱ्याच दिवशी एसटीत. मशीन चिप घेऊन परत आलं. डिस्क आत गेली आणि लाल स्क्रीनऐवजी चक्क स्टेडियम दिसलं!

पण काळंपांढरं.

आता ही दुसरी भानगड. भारतात १९८२ मध्ये, एशियाडच्या साली, रंगीत टीव्ही आला तो 'पाल' पद्धतीचा. ६२५ रेषा, सेकंदाला ५० फील्ड. अमेरिकेची पद्धत एनटीएससी. ५२५ रेषा, सेकंदाला जवळपास ६०, आणि रंग पाठवायची रीतही वेगळी. चिपने दार उघडलं होतं, पण आत आलेला पाहुणा अमेरिकन बोलत होता. आमच्या टीव्हीला चित्र कळलं, रंग कळले नाहीत.

आणि या गेममध्ये रंग नसणं म्हणजे काशीच! चेंडू पिचरच्या हातून सुटतो तेव्हा क्षणभर रंगात चमकतो. तो रंग ओळखला की चेंडू वळणार, की हळू येणार, हे बॅट्समनला आधी कळतं. आमचे सगळे चेंडू करडे. दादा तीन स्ट्राइकमध्ये आऊट. परत आऊट. परत.

'दे की मला,' उंबऱ्यावरून आवाज आला.

ती पहिल्यांदा आत आली. भावाला माझ्या मांडीवर दिलं आणि कंट्रोलर घेतला. पहिले दोन चेंडू सोडले. तिसरा असा हाणला, की पार प्रेक्षकांत. होम रन! दादा बघतच राहिला.

'कसं कळलं गं तुला?'

'तू बॉल बघायलास. त्याचा हात बघ की.'

मग रोजचंच झालं. टोळी पहाटे फडात जायची, ती भावाला घेऊन आमच्याकडे. आईने पहिल्या आठवड्यात तिचा चहाचा कप वेगळा ठेवला होता. कधीतरी तो आमच्यात मिसळला. शेजारच्या काकू एकदा आईला म्हणाल्या, 'अहो, सवय लागेल तिला.' आई म्हणाली, 'लागू दे. हंगामापुरतीच तर आहे.'

पिचरला इंग्रजी वाचता यायचं नाही, त्यामुळे ती मेन्यूला कधी घाबरली नाही. आम्ही अर्थ लावत बसायचो, ती बटणं दाबून मोकळी व्हायची. एका दुपारी टीव्हीचा रिमोट घेऊन तिने हाच प्रयोग केला. मेन्यू, मग आणखी एक मेन्यू, मग 'कलर सिस्टीम' नावाची ओळ. आम्ही ती ओळ आजवर उघडलीच नव्हती. तिथे 'पाल'च्या खाली 'एनटीएससी' होतं. तिने बटण दाबलं.

'अगं बाई, गवत!' स्वयंपाकघराच्या दारातून आईच ओरडली.

हिरवंगार मैदान. लाल मोजे. बोस्टनच्या फेनवे पार्कमध्ये डावीकडे ३७ फूट उंच भिंत आहे, तिला 'ग्रीन मॉन्स्टर' म्हणतात. ती इतके दिवस आम्हाला कारखान्याच्या गोडाउनसारखी दिसत होती, ती आता खरोखरच हिरवी झाली.

'किती मोठी भित्ताड,' पिचर म्हणाली. 'आमच्या शाळेला तर भित्ताडच न्हाई.'

त्या दिवसापासून दादाचेही चेंडू लागायला लागले. तिला ते फारसं आवडलं नाही. म्हणाली, 'आता सोपं झालं.'

सेव्ह

या गेममध्ये आपला स्वतःचा खेळाडू बनवता येतो. खेळाडू सगळे पुरुष, पण नाव काहीही देता येतं. दादाने तिचं नाव इंग्रजीत टाइप केलं. ती बराच वेळ त्या अक्षरांकडे बघत होती. मग विचारलं, 'ह्ये मी हाय?' असा एक दाढीवाला, सहा फुटी खेळाडू आमच्या पिचरच्या नावाने बोस्टनकडून खेळायला लागला आणि आठ एमबीच्या मेमरी कार्डात सेव्ह झाला.

मार्चमध्ये कारखान्याचा पट्टा पडला. एका सकाळी कोप्या नव्हत्या. आठवड्याभरात भारनियमनही परत आलं.

पुढच्या हंगामात ती आली. त्याच्या पुढच्या हंगामात तिची टोळी दुसऱ्या कारखान्याला गेली. मग २०१२ च्या डिसेंबरात पुन्हा दारात उभी. या वेळी आईवडिलांबरोबर नाही. ऊसतोडीत नवरा-बायको मिळून 'एक कोयता' धरतात, आणि मुकादम उचल देतो ती कोयत्याला. ती आता अर्धा कोयता होती. पंधरा वर्षांची. कायद्यात मुलीच्या लग्नाचं वय अठरा आहे, हे मला नागरिकशास्त्राच्या पुस्तकामुळे माहीत होतं. तिलाही माहीत होतं. मी काही बोलायच्या आत तिनेच विचारलं, 'तो खेळ हाय का अजून?'

होता. टीव्ही आता नवीन, एलसीडी. 'ह्यात रंग आपसूक येतेत?' 'येतात.' तिने आपला खेळाडू शोधून काढला. नाव वाचून नव्हे, दाढीवरून. एक इनिंग खेळली. पहिले दोन चेंडू सोडले, तिसरा मारला. मग कंट्रोलर खाली ठेवला.

'जाते. मोळ्या बांधायच्या राह्यल्यात.'

त्यानंतर ती मला भेटलेली नाही.

आता कन्सोलच्या जगात या कुलपांचा जोर बराच ओसरलाय. प्लेस्टेशन फोर आणि २०१७ मध्ये आलेला स्विच यांना गेम कुठल्या देशातून आणला याने फरक पडत नाही. माझ्या फ्लॅटमेटच्या स्विचवर जपानहून मागवलेलं कार्ट्रिज गुपचूप चालतं, आणि ती 'त्यात काय एवढं?' अशा नजरेने माझ्याकडे बघते. तिला मी लाल स्क्रीनची गोष्ट सांगते. त्या डिस्कमध्ये काहीही खोट नव्हती. आख्खा गेम तिच्यात होता. तिला फक्त पत्ता विचारला गेला होता. माझ्या ओळखीत असा पत्ता विचारला गेलेली एक मुलगीही होती, आणि तिच्यासाठी कुणी चिप मारून दिली नाही.

२०१४ मध्ये दादा नोकरीला लागला आणि मशीन, डिस्क, सगळं विकून मोकळा झाला. मेमरी कार्ड मात्र मी दिलं नाही. ते पुण्यात माझ्या ड्रॉवरमध्ये, जुन्या सिमकार्डांच्या डबीत आहे.

तर मंडळी, कुणाकडे माळ्यावर चालू प्लेस्टेशन टू पडलेलं असेल तर सांगा. डिस्क मी कुठूनही मिळवीन. मशीन तेवढं चिप मारलेलं हवं.