फलकावरचा एक शब्द

कॅनडातील माँट्रियल शहरात एक छोटेसे उद्यान आहे. त्याला एका तारखेचे नाव दिले आहे : ६ डिसेंबर १९८९.

त्या दिवशी सायंकाळी एक बंदूकधारी तरुण ‘इकोल पॉलिटेक्निक’ या अभियांत्रिकी महाविद्यालयातील एका वर्गात शिरला. त्याने पुरुषांना बाहेर काढले, आपला लढा स्त्रीवादाविरुद्ध असल्याचे सांगितले आणि मागे उरलेल्या नऊ विद्यार्थिनींवर गोळ्या झाडल्या. त्यानंतर तो इतरत्र स्त्रियांना हेरत फिरला. एकूण १४ स्त्रिया मारल्या गेल्या. त्यांतील १२ अभियांत्रिकीच्या विद्यार्थिनी होत्या. अखेरीस त्याने आत्महत्या केली. त्याचे नाव मी हेतुतः लिहीत नाही.

त्या नऊ जणींपैकी नताली प्रोव्होस्ट यांनी त्याला उत्तर दिले होते, की आम्ही स्त्रीवादी नाही, केवळ अभियांत्रिकी शिकतो आहोत. या उत्तरापाशी आपण क्षणभर थांबावे. त्याच्या लेखी ते शिकणे हाच गुन्हा होता. प्रोव्होस्ट वाचल्या आणि पुढे शस्त्रनियंत्रणाच्या मागणीसाठी वर्षानुवर्षे झगडल्या. कायदा मात्र पुढे-मागे होत राहिला : १९९५ मध्ये सर्व बंदुकांची नोंदणी सक्तीची झाली, २०१२ मध्ये लांब नळीच्या बहुतेक बंदुकांसाठी ती रद्द झाली आणि त्या दिवशी वापरलेल्या प्रकारच्या बंदुकीवर बंदी आली ती २०२० मध्ये.

वर्गाबाहेर पडलेल्या तरुणांविषयी फारसे बोलले जात नाही. तुम्ही त्याला का अडवले नाही, हा प्रश्न त्यांचा पिच्छा पुरवत राहिला. दनी व्हिलनव्ह यांच्या २००९ मधील चित्रपटात अशाच एका विद्यार्थ्याची होरपळ दिसते.

आता फलकाकडे वळू. उद्यानातील मूळ फलकावर या हत्याकांडाचा उल्लेख एक शोकांतिका म्हणून होता. २०१९ मध्ये, म्हणजे तब्बल ३० वर्षांनी, तो बदलून तेथे ‘स्त्रीवादविरोधी हल्ला’ असे लिहिले गेले. शोकांतिकेला कर्ता लागत नाही. बस दरीत कोसळली तरी आपण हाच शब्द वापरतो. हल्ला म्हटले की कोणी, कोणावर आणि का, हे सांगणे भाग पडते. मृतांच्या आप्तांना या एका शब्दासाठी इतकी वर्षे थांबावे लागले.

आपल्याकडेही नकार देणाऱ्या मुलीवर कोयता चालतो, तेव्हा वृत्तपत्रे ‘एकतर्फी प्रेमातून हल्ला’ असा मथळा देतात. त्या मथळ्यातील कोणती गोष्ट प्रेम आहे?