बोरघाटाचा धनी

मुंबई-पुण्याचा जुना रस्ता खोपोलीला सपाटी सोडतो आणि थेट खंडाळ्याला घाटमाथा गाठतो. मधली चढण म्हणजे बोरघाट. ही वाट इंग्रजांच्या कितीतरी आधीची. कार्ले-भाजे लेणी घाटमाथ्यावर याच वाटेच्या आसपास खोदली गेली. कार्ल्याच्या खांबांवर दात्यांमध्ये यवनांचीही (ग्रीकांची) नावं आहेत. पुढे राजमाची किल्ल्याने घाटावर नजर ठेवली. लमाणांच्या बैलांना एवढी वाट पुरत होती, तोफांना पुरेना. १८०४ मध्ये जनरल वेलस्लीने ती तोफा चढतील इतपत करून घेतली. १८३० मध्ये गव्हर्नर जॉन माल्कमच्या कारकिर्दीत गाडीरस्ता खुला झाला. तरीही मुंबईचा प्रवासी पनवेलपर्यंत होडीनेच येई. १८६३ मध्ये आगगाडीही हाच घाट चढली.

वेलस्ली, माल्कम पुस्तकांत राहिले. घाटात नाव चालतं ते शिंगरोबाचं. जुन्या रस्त्याच्या कडेला त्याचं देऊळ आहे. ट्रकवाला गिअर न बदलता खिडकीतून नाणं भिरकावतो. ते कधी पायरीवर खणकतं, कधी गवतात जातं. सांगतात ते असं: साहेबांना डोंगरातून वाट सापडेना, तेव्हा गुरं चारणाऱ्या शिंगरोबा धनगराने ती दाखवली. बक्षीस माग म्हणाले, तर त्याने देशाचं स्वातंत्र्य मागितलं, आणि साहेबांनी त्याला गोळी घातली. कुणी ही गोष्ट रस्त्याची म्हणून सांगतं, कुणी रेल्वेची. स्वातंत्र्याची मागणी तर पुढच्या काळात कथेला चिकटलेली वाटते. धनगराने चराईची माफी मागितली असती, तर कथा जास्त खरी वाटली असती. पण मूळ मुद्दा पटण्याजोगा आहे. सह्याद्रीतल्या वाटा आधी गुरांच्या खुरांनी पाडल्या, मोजणीच्या साखळ्या मागून आल्या. देव करताना लोकांनी साहेब सोडून धनगर निवडला, ही निवड चोखच.

२००२ मध्ये द्रुतगती मार्ग पूर्ण झाला आणि घाईची माणसं तिकडे वळली. या मार्गावरचा, बामाच्या जाहिरातीवरून नाव पडलेला ब्रिटिशकालीन अमृतांजन पूल २०२० च्या टाळेबंदीत, रस्ते रिकामे असताना पाडला. वाहतुकीला तो अडचणीचा होता, हे खरंच. पावसाळ्यात मात्र धबधबे पाहायला लोक अजून जुनाच घाट धरतात. शिंगरोबाही द्रुतगती मार्गावर भेटत नाही. त्यासाठी खोपोलीहून जुन्या रस्त्यानेच चढावं लागतं.