नाणेघाट: जकातीची वाट आणि राणीचा लेख

नाणेघाट ही कोकणातून देशावर चढणारी प्राचीन व्यापारी वाट. कल्याणहून मुरबाड, टोकावडे ओलांडले की माळशेजच्या अलीकडे वैशाखरे लागते आणि तिथून जंगलातून ही चढण सुरू होते. माथ्यावर घाटघर, पुढे जुन्नर. आता जुन्नरकडून घाटमाथ्यापर्यंत मोटार जाते, त्यामुळे बहुतेक लोक घाट चढतच नाहीत. पावसाळ्यात वाऱ्याने उलटा उडणारा धबधबा पाहायला तिथे जत्रा भरते. त्या धबधब्याला दहा मिनिटे पुरतात. घाट समजून घ्यायचा तर तो खालूनच चढावा, कारण व्यापाऱ्यांचे तांडे बंदरात उतरलेला माल घेऊन याच अंगाने वर येत.

जंगल संपून खडी चढण लागली की पायांखाली झिजलेले दगड आणि कातळात खोदलेल्या पायऱ्या येतात. बाजूला पाण्याची टाकी आहेत. त्यांतल्या एका टाक्यावरचा लेख सांगतो की ही पोढी, म्हणजे टाके, सोपाऱ्याच्या गोविंददासाने दान दिली. सोपारा म्हणजे आजचे नालासोपारा, त्या काळचे मोठे बंदर. किनाऱ्यावरचा माणूस इतक्या दूर घाटात पाण्याची सोय करतो, यावरून या वाटेवरच्या वर्दळीची कल्पना येते.

माथ्याच्या किंचित खाली मुख्य लेणे आहे: एक चौकोनी दालन आणि तीन बाजूंना कातळात सोडलेले बाक. ट्रेकर पूर्वी इथेच पथाऱ्या पसरत. मागच्या भिंतीवर सातवाहन राजघराण्यातल्या माणसांच्या मूर्ती एका ओळीत कोरलेल्या होत्या. आज पायांच्या खुणांपलीकडे फारसे काही उरलेले नाही. वरच्या नावांमुळे कोण कुठे उभे होते ते कळते. राजा सिमुक सातवाहन, देवी नायनिका आणि राजा श्री सातकर्णी, कुमार भाय, महारठी त्रनकयिर, कुमार हकुसिरी, कुमार सातवाहन. हा महारठी बहुधा राणी नायनिकेचा पिता. सासर-माहेर एकाच भिंतीवर मांडण्यात राजकारण उघड आहे. दख्खनेतल्या बलवान महारठी घराण्यांशी सोयरीक केल्याशिवाय नव्या राजवंशाला ही वाट ताब्यात ठेवता आली नसती.

डाव्या-उजव्या भिंतींवर ब्राह्मी लिपीतला, प्राकृत भाषेतला मोठा लेख आहे. सुरुवातीला धर्म, इंद्र, संकर्षण-वासुदेव, चंद्र-सूर्य आणि चार लोकपाल यांना वंदन आहे. मग राणीचे वर्णन येते: महिना-महिना उपवास करणारी, घरात राहून तापसीसारखी वागणारी. त्यानंतर यज्ञांची यादी. अश्वमेध, राजसूय, अग्न्याधेय, आप्तोर्याम आणि प्रत्येकाबरोबर दिलेली दक्षिणा: गाई, घोडे, हत्ती, गावे, कार्षापण नाणी. ही दक्षिणा आकड्यांत मोजलेली असल्यामुळे गणिताच्या इतिहासकारांनाही हा लेख महत्त्वाचा वाटतो. भारतीय अंकचिन्हांच्या सर्वांत जुन्या नमुन्यांत त्याची गणना होते. त्यात शून्य किंवा स्थानमूल्य नाही. दहा, शंभर, हजार यांना स्वतंत्र चिन्हे आहेत.

कर्नल साइक्स यांनी एकोणिसाव्या शतकाच्या पूर्वार्धात या लेण्याची नोंद केली. नंतर भगवानलाल इंद्रजी यांनी लेखांवर काम केले आणि 1883 मध्ये गेऑर्ग ब्यूलर यांचे वाचन प्रसिद्ध झाले. वादाला तिथूनच तोंड फुटले. अक्षरवळणावरून ब्यूलर यांनी लेख इसवी सनापूर्वी दुसऱ्या शतकाच्या पूर्वार्धात नेला. दिनेशचंद्र सरकार यांनी तीच अक्षरे पाहून तो इसवी सनापूर्वी पहिल्या शतकाच्या उत्तरार्धात आणला. मधले शतकभर अंतर पुराणांनी आणखी गढूळ केले आहे. एक परंपरा या घराण्याला तीस राजे आणि साडेचारशेहून अधिक वर्षे देते, तर दुसऱ्या पाठांत राजे आणि वर्षे दोन्ही बरीच कमी भरतात. पुराणांच्या बेरजेपेक्षा अक्षरांवर भरवसा ठेवणे अधिक बरे, आणि अक्षरांच्या या दोन वाचनांत सरकारांचे मत जास्त पटते. सातवाहन मूळचे कुठले हा दुसरा वाद. विष्णु सुकथनकर त्यांना बेल्लारीकडे नेतात, वा. वि. मिराशी विदर्भाकडे, तर तेलंगणातल्या कोटिलिंगाल येथे सापडलेल्या सिमुकाच्या नाण्यांनी गोदावरीच्या तिथल्या खोऱ्याचा दावा बळकट केला. या वादात प्रांताभिमान नको इतका मिसळलेला आहे. नाणेघाटावरून एवढेच ठाम म्हणता येते की घराण्याचे मूळ कुठेही असो, राजांना स्वतःला मिरवायचे होते ते या वाटेवर.

लेख राजधानीत किंवा तीर्थक्षेत्री न कोरता घाटमाथ्यावर का कोरला, याचे उत्तर त्यातच आहे. चढून दमलेला प्रत्येक व्यापारी इथे थांबणार, मूर्ती पाहणार, यज्ञांची यादी ऐकणार. ज्या संपत्तीतून हजारो गाई दान झाल्या तिचा एक झरा त्याच्याच मालावरच्या करातून वाहत होता. वर पठारावर मोठा दगडी रांजण आहे आणि त्यात जकातीची नाणी टाकत असे सर्रास सांगितले जाते. रांजणावर तसा लेख नाही. पाण्यासाठीही तो असू शकतो. जकात मात्र इथे घेतली जात असणार, कारण वाट अरुंद आहे आणि टाळता येण्यासारखी नाही.

जुन्नर हे या वाटेचे वरचे टोक. शहराभोवतीच्या डोंगरांत दोनशेहून अधिक लेणी खोदलेली आहेत. मुक्कामाची सोय यथातथाच; सुट्टीच्या दिवशी खोली मिळते ती कोंदट आणि जेवण गारढोण. शिवनेरीवरच्या एका लेखात चित नावाच्या यवनाने, म्हणजे पश्चिमेकडच्या परदेशी माणसाने, भिक्खुसंघाला भोजनमंडप दिल्याचे वाचून आजचा प्रवासी हेवा करतो. गर्दी शिवजन्मस्थानाकडे जाते आणि लेण्यांचा कडा मोकळा राहतो. वाटाडेही लेणी पांडवांची म्हणून मोकळे होतात. तिथेच इरिल नावाच्या यवनाने दोन टाकी दिली आहेत. चित आणि इरिल दोघेही ‘गत’ म्हणवतात. नॉर्वेचे पंडित स्टेन कोनो यांनी त्यावरून हे युरोपातले गॉथ असावेत असा तर्क लढवला. तर्क मोहक आहे, पण एका शब्दाच्या साधर्म्यावर उभा आहे. पश्चिमेकडून आलेले, इथे स्थिरावलेले आणि बौद्ध संघाला दान देणारे व्यापारी, एवढे मानले तरी लेखांचा अर्थ नीट लागतो.

लेण्याद्रीवर गणपतीच्या दर्शनाची रांग लागते. तिच्या शेजारचे चैत्यगृह कल्याणच्या सुलसदत्ताचे दान आहे, तिकडे मात्र फारसे कोणी वळत नाही. तुळजा लेण्यातले गोल चैत्यगृह, बारा खांबांचे, पाहिल्याशिवाय परतू नये. वेळ राखून ठेवावा तो मानमोडीच्या डोंगरासाठी. तिथल्या एका लेखात आडुथुम नावाचा शक उपासक करंजाची झाडे लावण्यासाठी शेतीचे उत्पन्न एका श्रेणीकडे ठेवतो. श्रेणी म्हणजे कारागिरांचा किंवा व्यापाऱ्यांचा संघ. पेढीचे कामही तोच करी. जुन्नरच्या लेखांत धान्य व्यापारी, बुरूड आणि कासार यांच्या श्रेणी येतात.

मानमोडीवरचाच आणखी एक लेख नाणेघाटाची कथा पुढे नेतो. महाक्षत्रप नहपान या शक राजाचा अमात्य अयम याने वर्ष 46 मध्ये टाके आणि मंडप दिला. म्हणजे तोवर सातवाहनांच्या हातून जुन्नर गेले होते. हे 46 शक संवताचे मानले तर इसवी सन 124 येते. ते राज्यवर्ष मानणारे अभ्यासक नहपानाला पहिल्या शतकात ओढतात. दुसरे मत ‘पेरिप्लस’ या ग्रीक खलाशी-ग्रंथाशी जुळते. पहिल्या शतकातला हा ग्रंथ सांगतो की कल्याण पूर्वी रीतसर व्यापारपेठ होती, पण आता तिथे चुकून आलेली ग्रीक जहाजे पहाऱ्यात भडोचला नेतात. भडोचचा राजा म्हणून त्यात येणारे नाव नहपानाचेच मानले जाते. बंदर अडवले की घाटही कोरडा पडतो, हे क्षत्रपांना पक्के ठाऊक होते.

सातवाहन राजा गौतमीपुत्र सातकर्णीने हा डाव उलटवला. नाशिकजवळ जोगळटेंभी येथे 1906 मध्ये तेरा हजारांवर चांदीची नाणी सापडली. ती नहपानाची होती आणि त्यांतल्या नऊ हजारांहून अधिक नाण्यांवर गौतमीपुत्राने आपला ठसा मारला होता. त्याच्या अठराव्या राज्यवर्षाची आज्ञा नाशिकच्या पांडवलेण्यात कोरलेली आहे. पुढे त्याचा मुलगा पुळुमावी याच्या एकोणिसाव्या राज्यवर्षी गौतमीपुत्राची आई गौतमी बलश्री हिने तिथेच दान देताना मुलाच्या पराक्रमाची वर्णने कोरून घेतली. क्षहरातांचा, म्हणजे नहपानाच्या घराण्याचा, वंश त्याने निखंदून काढला, असा दावा त्यांत आहे. नाणेघाटातल्या राणीच्या लेखानंतर सातवाहन स्त्रीच्या नावाने कोरलेला इतका मोठा लेख हाच. तो पाहायचा तर जुन्नरहून नारायणगाव, संगमनेर, सिन्नर असा नाशिकचा रस्ता धरावा.